चाळीस पेल्यांचा माठ

तिचं वय शेहेचाळीस. हाताखाली सहा माणसं, नाकावर जाड काचांचा चष्मा, आणि कपाळावर एक आठी, जी कामावर जाताना चढायची आणि घरी आली तरी उतरायला विसरायची. तरीही गावात कुणालाही विचारलंत तर तिची ओळख एकच होती. पाणाड्याची पोर. चाळिशी कधीच मागे टाकलेल्या बाईला पोर म्हणू नये हे कुणाला सुचत नसे. बाप अजून खणखणीत होता, आणि बाप खणखणीत असेपर्यंत या गावात कुणी मोठं होत नाही.

बाप पाणाड्या. म्हणजे हातात बेचक्याची काठी धरून अनवाणी माळावरून, परसातून, लोकांच्या अंगणातून चालायचं आणि एका जागी थांबून सांगायचं, इथे खणा. खणणारे खणायचे आणि पाणी लागायचं. दर वेळी लागलं, असं तो सांगे. बायको होती तेव्हा ती आतून ओरडून दुरुस्ती करायची, चार वेळा नाही लागलं. ती गेल्यावर तो चारचा आकडा वर्षावर्षाने उतरत शून्यावर आला. ते काही असो, गावातल्या सतरा विहिरी त्याने दाखवलेल्या होत्या, आणि अठरावी त्याच्या स्वतःच्या अंगणात होती. नव्या विहिरीला पाणी लागलं की आधी तो चाखायचा. घोट तोंडात धरून, डोळे मिटून, जणू पाण्याची जन्मकहाणी ऐकतोय असा उभा राहायचा आणि मग निकाल द्यायचा. त्याच्या निकालावर अपील नसे.

अशा बापाच्या पोरीने नोकरी धरली ती समुद्रातून पाणी काढायची.

गाव समुद्राकाठचं. विहिरींवर पंप बसले, उपसा इतका झाला की जमिनीखालची गोड्या पाण्याची जागा रिकामी पडत गेली. रिकामी जागा दिसली की शेजारी कसा हळूच आपली एक खाट सरकवतो, मग एक कपाट, तसा समुद्र आत सरकला. हे स्पष्टीकरण तिच्या नवऱ्याचं. नवरा शाळेत भूगोलाचा मास्तर. शाळा पाच वाजता सुटायची, भूगोल सुटत नसे. तर एकेक करून विहिरी खारावल्या. मग किनाऱ्यावर कारखाना उभा राहिला. त्याच्या एका टोकातून समुद्र आत जाई आणि दुसऱ्या टोकातून गोडं पाणी गावाच्या नळांना येई. सतरा विहिरींवर लोखंडी झाकणं बसली, झाकणांना कुलपं लागली, आणि ज्या विभागाने ती लावली त्या विभागात पाणाड्याची पोर पाळीप्रमुख होती. नियतीला विनोदाचं अंग नाही असं म्हणणाऱ्यांनी एकदा या घरात जेवायला यावं.

कारखान्यात तिची पाळी सकाळी सहा ते दुपारी दोन. लांबलचक शेड, त्यात पांढऱ्या नळ्या एकीवर एक रचलेल्या, वसतिगृहात मुलं झोपावीत तशा. समुद्र आधी वाळूच्या टाक्यांतून गाळायचा. शेवाळ, शिंपल्यांचा चुरा असला ऐवज तिथेच ठेवून घ्यायचा. मग मोठा पंप ते पाणी नळ्यांमधल्या पडद्यांवर असं रेटायचा की पाणी पलीकडे जाई आणि मीठ अलीकडे राही. पलीकडे गेलेलं पाणी इतकं कोरं असे की चुनखडीच्या खड्यांमधून फिरवून त्याला जरा माणसांत आणावं लागे. पंपाचा सूर दिवसभर एकच. नव्या माणसाचं त्याने डोकं उठायचं. तिला त्याची गुंगी यायची. डोळे उघडे, हात वहीत आकडे लिहितोय, आणि बाई स्वप्नात. त्या स्वप्नात समुद्र तिच्या घरी पाहुणा म्हणून यायचा. एवढा थोरला, ओलाचिंब, दारात अवघडून उभा. ती म्हणायची, या ना आत, फक्त मीठ तेवढं बाहेर काढून ठेवा, चपलांशेजारी. समुद्र निमूट वाकायचा, मीठ उतरवून ठेवायचा आणि आत येऊन एका पेल्यात मावून बसायचा.

हे पाणी सगळं गाव नावं ठेवत ठेवत पीत होतं. पीत नव्हता एकटा तिचा बाप. अंगणातली विहीर घरची. तिला झाकण लावायची छाती कचेरीची झाली नाही, पोरीची तर नाहीच नाही. रोज पहाटे पाचला तो स्वतः पाणी शेंदायचा, आपला वेगळा माठ भरायचा आणि दिवसभर त्यातलंच प्यायचा. वर म्हणायचा, साखर आहे साखर. घरातल्या दुसऱ्या कुणी चुकून एक घोट घेतला तर त्याचं तोंड समुद्रात गटांगळी खाल्ल्यासारखं व्हायचं. पण म्हाताऱ्याला सांगणार कोण, आणि सांगून पटणार कसं? मीठ सहा वर्षांत चोरपावलांनी आलं होतं, महिन्याला चिमूटभर. घरातले बाकीचे नळाचं पीत, म्हणून त्यांना फरक कळायचा. त्याच्या जिभेला तुलनेला दुसरं पाणीच नव्हतं.

मग त्याचे पाय सुजले. बोटाने दाबलं की खळगा पडायचा आणि तो खळगा, भरून यावं की नाही, याचा बराच वेळ विचार करत राहायचा. चपला होईनात. डॉक्टरीणबाई वयाने लहान पण जिभेने वडीलधारी. तिने रक्त तपासलं, दाब मोजला, जेवणातलं मीठ विचारलं. ते तर कधीच बंद केलेलं. मग तिने विचारलं, पाणी कुठलं पितात? पोरगी कारखान्याचं क्षार मोजायचं मीटर पिशवीत घेऊनच गेली होती. नळाचं पाणी अडीचशे, बापाच्या विहिरीचं चोवीसशे. डॉक्टरीणबाईने आकडा दोनदा वाचला.

म्हणाली, मूत्रपिंडं थकली आहेत. हे पाणी दोन महिन्यांच्या आत सुटलं तर ती सावरतील. नाही सुटलं तर मग यांचं रक्तच यंत्राने गाळावं लागेल, आठवड्यातून तीनदा, सुईला जोडून.

गाळणं, पडदा, नळ्या, दाब. या सगळ्या शब्दांबरोबर पाणाड्याची पोर वीस वर्षं रोज आठ तास बसत होती. त्या दिवशी पहिल्यांदाच तिला त्या शब्दांची भीती वाटली.

समजावण्याचे प्रयोग झाले. मास्तरांनी पाटी आणून जमिनीचा उभा छेद काढला आणि समुद्र कसा आत शिरतो ते निळ्या खडूने दाखवलं. सासऱ्याने चित्र छान आलंय म्हणून कौतुक केलं. पोरीने मीटर विहिरीच्या बादलीत बुडवून आकडा दाखवला. बापाने विचारलं, हा थर्मामीटर माझ्या विहिरीला ताप आहे म्हणतो का? आणि समुद्राचं पाणी पिण्याविषयी त्याचं म्हणणं साधं होतं. समुद्राला गोडं पाणी द्यायचंच असतं तर त्याने आधीच दिलं असतं, त्याच्या बोडक्यावर पंप मारून काढून घेतलेलं पाणी म्हणजे चोरी, आणि तो चोरीचा माल पीत नाही.

तेव्हा तिने पहिली लबाडी केली. बाप समुद्राकडे फेरीला गेला असताना माठ रिकामा केला आणि नळाच्या पाण्याने भरून ठेवला. बाप आला, बसला, पेला तोंडाला लावला. एक घोट. डोळे मिटले. उघडले. पेला खाली ठेवला.

"अळणी आहे," तो म्हणाला.

"काय?"

"पाणी. आज अळणी झालंय."

मास्तर वर्तमानपत्राआड गेले आणि वर्तमानपत्र गदागदा हलू लागलं. बापाने माठ उचलून अंगणात ओतला आणि विहिरीवर गेला. हसली नाही ती एकटी पोर. तिला त्या एका शब्दात सगळं ऐकू आलं होतं. विहीर तर खारावलीच होती. पण पन्नास वर्षं गावाला निकाल देणारी जीभसुद्धा तिच्याबरोबर, चिमटी चिमटीने, खारावली होती.

दुसऱ्या दिवशी कारखान्यात पंप सुरू करताना ती चाकावर हात ठेवून तशीच उभी राहिली. दाब कधी एकदम वाढवायचा नसतो. चाक थोडं फिरवा, थांबा, सूर ऐका, पुन्हा थोडं फिरवा. घाई केली की पडदा फाटतो. हे ती नव्या माणसांना वीस वर्षं सांगत आली होती. आता तिचं तिलाच ऐकू आलं. जे चिमटीने आलं ते चिमटीनेच जाईल.

बापाच्या माठात बरोबर चाळीस पेले मावत. तिने मोजून पाहिले. मग योजना ठरली. पहिल्या दिवशी विहिरीचा एक पेला काढायचा, नळाचा एक घालायचा. दुसऱ्या दिवशी दोन काढायचे, दोन घालायचे. चाळिसाव्या दिवशी माठात विहीर शिल्लक नसेल, समुद्र असेल, तोही मीठ बाहेर ठेवून आलेला. बाप पाचला माठ भरून फेरीला गेला की साडेपाचला हा उद्योग, मग पाळी. काढलेलं पाणी फरशी पुसायला. एका जुन्या वहीत तिने कारखान्यासारखे रकाने आखले. तारीख, पेले, मीटरचा आकडा, पायांची सूज, शेरा. मास्तरांना यात घ्यावंच लागलं, कारण ते पहाटे उठून, हे काय चाललंय, असं मोठ्याने विचारू लागले. त्यांनी गुपित पाळायची शपथ घेतली आणि ही पद्धत कशी उत्तम आहे ते तिलाच अर्धा तास समजावून सांगितलं.

ते दिवस तिला पुढे नीट आठवत नसत, धुक्यातून चालल्यासारखे गेले. पहाटे स्वयंपाकघरात मातीचा ओला वास, पेल्यांचं मोजणं, माठावर कान ठेवला की आत पाणी निवत असल्याचा भास. फसवत होती ती, आणि तेही कुणाला, तर बापाला. माठाला हात लावताना झोपलेल्या माणसाच्या उशाखालून काही काढतोय असं वाटायचं. आणि मग पाळीवर पंपाच्या सुरात तिला दिसायचं की बाप समुद्रावर चालतोय. अनवाणी, हातात बेचकी, लाटा त्याच्या पायाखाली शेतासारख्या सपाट. तो थांबतो, वाकतो, म्हणतो, इथे खणा. ती ओरडून सांगते, बाबा, खाली सगळं पाणीच आहे. तो म्हणतो, म्हणूनच विचारतोय, कुठलं?

सातव्या दिवशी शेरा: काही बोलले नाहीत. बाराव्या दिवशी बापाने पेला उजेडात धरून पाहिला. तो म्हणाला, आज विहीर खुशीत दिसते. अठराव्या दिवशी दुपारचं पाणी त्याने दोनदा मागितलं. चोविसाव्या दिवशी चपला झाल्या. एकोणतिसाव्या दिवशी डॉक्टरीणबाईने दाब मोजून, पाणी सुटलं वाटतं, असं विचारलं आणि पोरीने मान अशी हलवली की तिचा अर्थ हो, नाही आणि हळू बोला असा तिन्ही होत होता. सगळं वहीप्रमाणे चाललं होतं. वहीत रकाना नव्हता तो एकाच गोष्टीचा. बाप गप्प बसणारा माणूस नव्हता.

तेहेतिसाव्या दिवशी त्याने गल्लीत जाहीर केलं की विहीर सुधारली.

सहा वर्षं लोक मागून म्हणत होते, पाणाड्याची विहीर खारट. तो म्हणे, मला ऐकू येत नव्हतं असं नाही. आता या आणि प्या. जमिनीखालचा झरा परत फिरला आहे, त्याने स्वतः जिभेने दिवसादिवसाने ओळखलाय, रोज रतीभर गोडी चढतेय. आणि तो बादली शेंदून लोकांना पाजू लागला. माठातलं नव्हे, पाहुण्याला कुणी साठवलेलं देतं का? ताजं, थेट बादलीतलं. स्वतः मात्र नेहमीप्रमाणे माठातलंच प्यायचा. लोक प्याले. लोकांनी गिळलं. आणि ज्याच्या त्याच्या आजोबांची विहीर याच माणसाने दाखवलेली असल्यामुळे एकेकाने डोळ्यात आलेलं पाणी पुसत सांगितलं, वा, गोड आहे हो.

पोरीला हे कळलं तेव्हा तिने ते हसण्यावारी नेलं. लोक एक घोट पितील आणि घरी जाऊन चुळा भरतील. सदतिसाव्या दिवशी दोन गोष्टी एकदम झाल्या आणि हसणं संपलं.

दुपारी साहेबांनी तिला बोलावून एक अर्ज पुढे ठेवला. अक्षर बापाचं, मोठं, तिरपं, विहिरीत वाकून पाहणारं. गावातील विहिरी सुधारल्या असून याबद्दल अर्जदाराचा स्वतःच्या जिभेचा अनुभव आहे, तरी सतराही विहिरींची कुलपं काढावीत आणि समुद्रावरील यंत्रास विश्रांती द्यावी. खाली सतराही विहिरींची यादी होती आणि समासात साहेबांनी लिहिलं होतं, पाळीप्रमुखांनी शेरा द्यावा. साहेब भला माणूस, ओठ दाबून खिडकीबाहेर पाहत होता.

अर्ज पिशवीत घालून ती घरी निघाली, तर गल्लीच्या तोंडाशी शिवणकाम करणाऱ्या काकूंच्या दारात बाप उभा. काकूंची सून आठ महिन्यांची गरोदर, ओट्यावर बसलेली, पाय बापाचे होते तसेच सुजलेले. शेजारी पाच लिटरचा डबा. बाप म्हणत होता, संपव, सगळा पेला संपव, बाळाला ताजं पाणी मिळू दे. आणि ती सून नाक न दाबता, केवळ डोळे दाबून, पीत होती. काकूंनी सांगितलं की चार दिवस झाले, भाऊ रोज डबा स्वतः आणून देतात, पेला रिकामा होईपर्यंत हलत नाहीत.

त्या दिवशी वहीतल्या शेऱ्याच्या रकान्यात तिने काही लिहिलं नाही. सांगितलं तर तो पुन्हा विहिरीवर जाईल, हट्टाने, दुप्पट पिईल. सदतीस दिवसांची कमाई एका बादलीत जाईल. न सांगितलं तर त्या सुनेचं काय? आणि कुठल्या तोंडाने सांगायचं? बाबा, तुमची जीभ गेली होती म्हणून? की मी तुम्हाला फसवलं म्हणून? एक दिवस ती याच घोळात राहिली. माठ मात्र वहीप्रमाणे नळाच्या अडतीस पेल्यांनी भरला. रात्रीतून तिला एवढंच सुचलं की आपल्याला काही सांगायचंच नाहीये. जे सांगायचं ते ती बादली सांगेल.

एकोणचाळिसाव्या दिवशी तिने पाळी बदलून घेतली. पाच वाजता बापाने बादली शेंदून आणली, माठाशी वाकला. तिने माठाच्या तोंडावर तळहात ठेवला.

"बाबा, माठात नको. आधी बादलीतलं प्या, एक पेला."

"का?"

"प्या तर."

त्याने पेला बुडवला. घोट घेतला, तोंडात धरला, डोळे मिटले. पन्नास वर्षं उभा राहायचा तसाच उभा राहिला. मग धुण्याच्या दगडाकडे वळला आणि थुंकला. पुन्हा पेला बुडवला, पुन्हा थुंकला. मग बादलीचाच दोष असल्यासारखी ती रिकामी केली, घासली, नव्याने शेंदली, आणि तिसऱ्यांदा थुंकला. मास्तर काही समजावायला बाहेर आले होते. बायकोने त्यांच्याकडे पाहिलं, आणि लग्नाच्या बावीस वर्षांत पहिल्यांदाच मास्तरांनी काही समजावलं नाही.

"किती दिवस?" बापाने विचारलं.

"आजचा एकोणचाळिसावा."

"माठात काय असायचं?"

"समुद्र," ती म्हणाली. मग कामाची सवय जाईना म्हणून पुढे म्हणाली, "काल अडतीस पेले समुद्र, दोन पेले विहीर."

तो विहिरीच्या कठड्यावर बसला. ती वाट पाहत होती ती आरडाओरड्याची. त्यासाठी तिची तयारी होती, मास्तरांनी तर बादली सुरक्षित अंतरावर नेऊन ठेवली होती. पण त्याने खाली वाकून पाण्याकडे पाहिलं. मग त्याने विचारलं की ही अशी कधीपासून आहे, आणि तिने सांगितलं, सहा वर्षं, थोडी थोडी. तेव्हा तो म्हणाला, मला कळलं नाही. आणि मग, स्वतःशीच:

"तुझ्या आईला कळलं असतं. तिने तारीखसुद्धा सांगितली असती."

एवढं बोलून तो ताडकन उठला, चप्पल न घालता गल्लीत गेला. ती मागे धावली. काकूंच्या ओट्यावरचा डबा त्याने उचलला, झाकण काढलं आणि सगळा गटारात ओतला. सुनेला म्हणाला, हे विष आहे, आजपासून नळाचं पी. काकू शिवणयंत्रावरून न उठता म्हणाल्या की भाऊ, खारट आहे ते आम्हाला पहिल्याच दिवशी कळलं होतं.

"मग पिऊ का दिलंत तिला?"

"तुम्ही आणून दिलंत. तुम्हाला कसं नाही म्हणायचं?"

आता मात्र तो चिडला. पोरीवर जेवढा चिडायला हवा होता तो सगळा राग त्याने काकूंवर आणि मग दारोदार जाऊन गल्लीवर काढला. उद्या मी वाळू वाढली तर वाळू खाल का, असं त्याने प्रत्येकाला विचारलं. प्रत्येक दारात त्याला आपलीच लाज पुन्हा सांगावी लागली, विहीर खारट आहे, मी चुकलो, आणि प्रत्येक दारात लोकांनी अत्यंत आदराने सांगितलं की हो, आम्हाला माहीत होतं. असा मान कुणा वैऱ्यालाही मिळू नये.

तिथून तो थेट कारखान्यात गेला. वीस वर्षांत पहिल्यांदा. पंपाच्या सुराने त्याच्या कपाळाला आठी पडली, तिच्यासारखीच. साहेबांनी खुर्ची दिली आणि म्हणाले, अर्जाचं काय एवढं, फाडून टाकू, गेलं ते गेलं. बाप म्हणाला, फाडायचा नाही. त्याने सतरा विहिरींबद्दल लिहून दिलं होतं, जिभेचा हवाला देऊन. आता जीभ ताळ्यावर आली आहे तर सतराही चाखणार, आणि मगच आपल्या हाताने खोडणार किंवा ठेवणार. डॉक्टरीणबाईला फोन झाला. तिने गिळायचं नाही या अटीवर परवानगी दिली. साहेबांनी किल्ल्यांचा जुडगा काढून पोरीच्या हातात ठेवला.

दुपार फिक्या उन्हाची होती, समुद्रावरून आलेली पातळ वाफ गल्ल्यांमधून तरंगत होती. बाप पुढे, पोर मागे, खांद्यावर दोरी आणि बादली, पिशवीत अर्ज आणि आपल्या पाळीवरून भरून घेतलेली एक बाटली. झाकण उघडलं की आतून गार, जुना श्वास वर यायचा, झोपेतून उठवल्यासारखा. बाप प्रत्येक विहिरीशी वाकून क्षणभर थांबायचा. ही दाखवली तेव्हा तुला कडेवर घेऊन आलो होतो. हिच्या वेळी खणणारे तीन दिवस माझ्यावर हसले. हिच्यात पाणी लागलं तेव्हा एक म्हातारा नाचला होता, इथे, या दगडावर. मग घोट, मिटलेले डोळे, आणि थुंकी.

"खारट," तो म्हणायचा, आणि ती अर्जावर त्या विहिरीपुढे लिहायची.

दुसऱ्या विहिरीनंतर त्याची पंचाईत झाली. पहिल्या विहिरीचं मीठ जिभेवर चिकटलेलं. त्यावर दुसरीचा निकाल कसा द्यायचा? अशा निकालाला अर्थ नाही, तो म्हणाला, जीभ धुवायला हवी. आणि इकडे तिकडे न पाहता त्याने हात पुढे केला. तिने त्यात बाटली ठेवली. त्याने चूळ भरली, खळखळवली, थुंकली. तिसरी विहीर. चूळ. चौथी. पाचवीला एक घोट थोडा कमी थुंकला गेला. सातवीनंतर तो फक्त विहिरीचं पाणी थुंकत होता. तिने ते पाहिलं आणि अर्जावर मान घालून विहिरीपुढे खारट लिहिलं. बाटलीबद्दल कुठे काही लिहिलं नाही.

नववीपाशी त्याने बाटली उलटी धरून पाहिली. एक थेंब आला आणि त्याच्या हनुवटीवर थांबला.

"संपली," तो नाराजीने म्हणाला. "एवढीशीच आणलीस? अजून आठ राहिल्यात."

ती कोपऱ्यावरच्या नळाकडे गेली. नळ सोडून बाटली तोटीखाली धरणार, तोच मागून त्याचा आवाज आला, अख्ख्या गल्लीला ऐकू जाईल एवढा:

"अगं, लगेच धरू नकोस. जरा वाहू दे आधी. नळाचं पहिलं पाणी कधी घेऊ नये."